परवडणारा वेडिंग प्लॅनर कसा निवडायचा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पुण्यात काही वर्षं मी एका छोट्या इव्हेंटवाल्यांकडे लग्नाच्या दिवशी ‘उभं राहण्याचं’ काम केलं. आता ते सोडलंय, पण नात्यात कुणाचं लग्न ठरलं की फोन येतोच. प्रश्न तेच ते असतात, म्हणून उत्तरं एकदा लिहून काढली. ‘समजा’ म्हणून दिलेले आकडे हिशोब कळावा म्हणून घेतले आहेत, ते बाजारभाव नव्हेत.

कार्यालयवालेच सगळं देतात, मग प्लॅनर कशाला?

बऱ्याचदा खरंच नको असतो. आपलं मंगल कार्यालय म्हणजे निम्मं प्लॅनिंग आधीच करून ठेवलेलं असतं. हॉल, दोन्ही पक्षांच्या खोल्या, आचारी, वाढपी, पाट, चौरंग, होमाचं कुंड, काही ठिकाणी गुरुजीसुद्धा त्यांच्या ओळखीचे. दिल्ली-जयपूरकडच्या थाटाच्या लग्नात मोकळ्या मैदानावर सगळं शून्यापासून उभं करावं लागतं. तिथला प्लॅनर जे करतो त्यातलं बरंच इथे कार्यालयाच्या भाड्यात आलेलं असतं. तरी काही जण तेच काम तुम्हाला पुन्हा विकतात.

लॉन घेतलंत तर गणित बदलतं. म्हात्रे पुलाजवळच्या डीपी रस्त्यावर किंवा गावाबाहेर मोकळी जागा घेतली की मंडप, लाइट, जनरेटर, कूलर, खुर्च्या, कधीकधी पाण्याचा टँकरही वेगळा. तिथे जाणकार माणूस लागतो.

आणि एक गोष्ट कुठल्याही पॅकेजात नसते: मुहूर्ताला पाच मिनिटं उरलीत, गुरुजी ‘मुलीला घेऊन या’ म्हणताहेत, आणि मुलीचे मामा पार्किंगमध्ये कुणाची तरी गाडी मागे घ्यायला लावताहेत, तेव्हा मामांना धरून आणणारा माणूस. पूर्वी हे काम चुलतभाऊ करायचे. आता चुलतभाऊ सकाळच्या विमानाने येतात आणि संध्याकाळच्या विमानाने परत जातात.

आम्हाला प्लॅनर हवा की नको, हे कसं ठरवायचं?

घरात अशी तीन माणसं आहेत का, ज्यांना लग्नात मिरवायचं नाही? एक कॅटररपाशी, एक दारात, एक स्टेजजवळ. असतील तर प्लॅनरचे पैसे वाचवा आणि त्या तिघांना चांगला आहेर करा. नसतील, तर तुम्हाला अशी तीन माणसं भाड्याने हवी आहेत. परवडणारा प्लॅनर म्हणजे एवढंच काम घेणारा आणि त्याचेच पैसे लावणारा.

‘परवडणारा’ म्हणजे नेमके किती पैसे?

आकड्याआधी आकारणीची पद्धत विचारा. साधारण तीन पद्धती चालतात.

पहिली, एकूण खर्चाच्या टक्केवारीवर; १० ते १५ टक्के हे नेहमी ऐकू येणारं माप. यात एक गोम आहे. समजा तुमचा खर्च १० लाख आणि फी १० टक्के. प्लॅनरने घासाघीस करून तुमचे २ लाख वाचवले, तर त्याची स्वतःची फी २० हजारांनी घटते. माणूस कितीही सज्जन असला तरी तो ही घासाघीस कशाला करेल?

दुसरी, ठरावीक रक्कम. कामाची यादी आणि त्याचा एक आकडा. मध्यमवर्गीय घरासाठी मला हीच पद्धत बरी वाटते, कारण खर्च वाढला काय, कमी झाला काय, त्याची मजुरी तीच राहते.

तिसरी, ‘आमची फी काहीच नाही हो!’ हे ऐकलं की पुढचा प्रश्न नीट वाचा.

फी न घेणाऱ्या प्लॅनरला परवडतं कसं?

कमिशनवर. डेकोरेशनवाला, फोटोग्राफर, मेकअपवाली, कॅटरर सगळ्यांकडून त्याचा वाटा येतो आणि तो तुमच्याच दरात मिसळलेला असतो. यात बेकायदा काही नाही. किराणा दुकानदारही नफ्यावरच जगतो. अडचण अशी की तुम्हाला फोटोग्राफर चांगला म्हणून सुचवला जातोय की वाटा चांगला देतो म्हणून, हे कळायला मार्ग उरत नाही.

तपासायचा साधा उपाय: सुचवलेल्यांपैकी एकाला, शक्यतो फोटोग्राफर किंवा मेकअपवालीला, घरातल्या कुणाला तरी नवखं गिऱ्हाईक म्हणून फोन करायला सांगा. तीच तारीख, तेच काम, दर विचारा. दोन-चार हजारांचा फरक समजण्यासारखा आहे. तीस टक्क्यांचा निघाला तर प्लॅनरसमोर तोच आकडा ठेवा. चांगला माणूस हसून म्हणतो, ‘हो, माझे त्यात आहेत, काढून टाकतो.’ चिडणाऱ्याकडे परत जाऊ नका.

सगळ्यात स्वच्छ व्यवस्था म्हणजे फी ठरावीक, आणि प्रत्येक व्हेंडरचं बिल थेट तुमच्या नावावर, पैसेही तुम्हीच थेट द्यायचे.

थोडंच काम देता येतं का? आम्हाला ‘फुल पॅकेज’ नको.

येतं, आणि द्यावंच. ‘फक्त त्या दिवसापुरतं’ काम घेणारे बरेच जण आहेत. हॉल, कॅटरर, फोटोग्राफर तुम्ही ठरवायचे. ते लग्नाच्या दोन-तीन आठवडे आधी येतात, सगळ्यांचे नंबर घेतात, वेळापत्रक बनवतात आणि सीमांतपूजनापासून पाठवणीपर्यंत उभे राहतात. नोकरी करणाऱ्या नवरा-नवरीने आधीची धावपळ शनिवार-रविवारी स्वतः उरकली, तर एवढंच पुरतं.

यात एक काम आवर्जून लिहून घ्या: ताटं मोजणं. लग्नातली सगळ्यात मोठी गळती इथेच होते. समजा ताट ६०० रुपयांचं आणि तुम्ही ३५० ताटांची हमी दिलीत. जेवले २७०. उरलेल्या ८० ताटांचे ४८ हजार रुपये हमीपोटी गेले. हे आधीच नीट अंदाज बांधून वाचवायचं असतं. उलट गंमत अशी की जेवतात ३६० आणि बिल येतं ४१० चं, कारण ‘आमच्या माणसाने मोजलंय’. म्हणून जेवण सुरू होण्याआधी कोऱ्या ताटांचा साठा दोघांनी मिळून मोजायचा, शेवटी उरलेली मोजायची, वजाबाकीवर दोघांच्या सह्या. पंगत असेल तर आणखी सोपं, पंक्ती गुणिले पाट. दिवसभरात हे एक काम नीट झालं तरी कोऑर्डिनेटरची निम्मी फी वसूल होते. पण तुमचे काका हे करू शकणार नाहीत. त्यांना कॅटररशी भांडायला लाज वाटते, आणि तेवढ्यात कुणीतरी फोटोसाठी बोलावतं.

इन्स्टाग्रामवरचे फोटो बघून निवडला तर?

फोटो डेकोरेशनचे असतात. प्लॅनरचं काम फोटोत येत नाही. त्याऐवजी मागच्या दोन महिन्यांत ज्यांचं लग्न त्याने केलं अशा दोन घरांशी बोलणं करून द्यायला सांगा आणि मुलीच्या आईशी बोला. नवरा-नवरीला त्या दिवसाचं फारसं आठवत नाही. आईला सगळं आठवतं.

शक्य असेल तर त्याच्या एखाद्या चालू लग्नात दहा मिनिटं डोकावा. तो कुठे उभा आहे बघा. स्टेजवर फोटोग्राफरच्या शेजारी असेल तर कठीण आहे.

पहिल्या भेटीत काय विचारायचं?

त्या दिवशी तुम्ही स्वतः असणार की माणूस पाठवणार? त्याच तारखेला दुसरं लग्न घेतलंय का? दाट मुहूर्ताच्या दिवशी एकाच प्लॅनरची तीन-तीन लग्नं असतात आणि तुमच्या वाट्याला कॉलेजात शिकणारा, कालच लागलेला पोरगा येतो. किती माणसं येणार, किती वाजल्यापासून किती वाजेपर्यंत? आणि एक प्रश्न मी मुद्दाम विचारते: तुमच्या हातून बिघडलेलं एखादं लग्न सांगा. ‘आजवर एकही नाही’ म्हणणाऱ्याने एक तर लग्नं कमी केलीत किंवा तो थापा मारतोय.

प्लॅनरला आपले विधी माहीत असावे लागतात का?

मंत्र नकोत, क्रम हवा. मुहूर्त सकाळी ११ चा असेल तर ग्रहमख, देवक, गौरीहर त्याआधी उरकायचे असतात. त्यावर मेकअपची वेळ ठरते, त्यावर फोटोग्राफरची. हे उलट्या दिशेने मोजत यावं लागतं. पंजाबी पद्धतीची लग्नं करून आलेला प्लॅनर मुख्य कार्यक्रम संध्याकाळी धरतो आणि सकाळी आठला त्याची माणसं झोपेत असतात.

शिवाय प्रत्येक घराची रीत वेगळी. कुणाकडे हळद आदल्या दिवशी, कुणाकडे त्याच पहाटे. कुणाकडे लग्नानंतर गोंधळ हवाच. कानपिळीला मुलीचा भाऊ लागतो आणि तो बहुधा जेवायला गेलेला असतो. ‘झाल’ या विधीची वेळ धरली नाही तर विहिणीची पंगत उशिरा बसते, आणि ते पुढे वर्षानुवर्षं ऐकावं लागतं. असा क्रम तोंडपाठ असलेला प्लॅनर दोन हजार जास्त मागत असेल तर द्या.

कोटेशनमध्ये काय बघायचं?

शब्द बघा. ‘फुलांची सजावट’ एवढंच लिहिलं असेल तर ती कापडाची फुलंही असू शकतात. माझ्या सख्ख्या भावाच्या लग्नात हे झालंय. कोटेशनमध्ये ‘फ्लोरल बॅकड्रॉप’, प्रत्यक्षात प्लॅस्टिकच्या वेली, आणि मी या धंद्यात असून फसले. तेव्हा ताजी की कृत्रिम, कुठली फुलं, स्टेजची लांबी-रुंदी किती, हे लिहून घ्या. झेंडू आणि निशिगंध स्वस्त, ऑर्किड महाग. पुण्यात मार्केट यार्डात नाहीतर मुंबईत दादरच्या फूलबाजारात पहाटे एक चक्कर मारलीत तर दर आणि कोटेशन यांतलं अंतर डोळ्यांनी दिसेल. अर्थात त्यात मजुरी, गाडी आणि रात्रभर जागून केलेली बांधणी असते, त्यामुळे बाजारभावाने सजावट मागू नका.

मग ‘वगळून’ काय आहे ते बघा. बाहेरचा डेकोरेटर आणला तर कार्यालय वेगळे पैसे घेतं का? बाहेरच्या कॅटररला परवानगी आहे का? वीज युनिटप्रमाणे की पॅकेजात? हॉल किती वाजता सोडायचा, आणि तास वाढला तर किती? सफाई कोणाची? रुखवत मांडायची टेबलं कोण देणार? हे चिल्लर वाटतं, पण लग्नाच्या दुसऱ्या दिवशी येणारं ‘जादा बिल’ याच चिल्लरीचं असतं.

जीएसटीचं काय? एकदम १८ टक्के सांगतात.

इव्हेंट मॅनेजमेंटच्या सेवेवर १८ टक्के जीएसटी आहे, हे खरं. म्हणजे ६० हजारांची फी ७०,८०० ला पडते. पण बाहेरून येणाऱ्या कॅटररच्या सेवेवर साधारणपणे ५ टक्के लागतो. प्लॅनरने जेवणासकट सगळं एकाच बिलात घातलं, की जेवणही १८ टक्क्यांत जातं. समजा जेवणाचे २ लाख. कॅटररने थेट बिल दिलं तर कर १० हजार, प्लॅनरच्या बिलातून आलं तर ३६ हजार. फरक २६ हजारांचा, आणि मिळालं काहीच नाही. बिलं वेगवेगळी घ्या असं मी म्हणते त्याचं हे दुसरं कारण.

सेवा देणाऱ्याची वर्षाची उलाढाल २० लाखांच्या आत असेल तर त्याला सहसा नोंदणीची सक्ती नसते, आणि नोंदणी नसेल तर त्याला जीएसटी लावताही येत नाही. बिलावर १५ अक्षरी क्रमांक असतो. महाराष्ट्रातल्या नोंदणीचा असेल तर सुरुवात २७ ने होते. जीएसटीच्या संकेतस्थळावर तो टाकून बघायला दोन मिनिटं पुरतात.

रोख दिलं तर कमी करतो म्हणतात. द्यावं का?

नाही. आयकर कायद्यानुसार एका प्रसंगासाठी एका व्यक्तीकडून २ लाख किंवा त्याहून जास्त रोख स्वीकारता येत नाही; तुकडे पाडून दिलं तरी लग्न एकच धरलं जातं. त्यापेक्षा कमी असलं तरी पावती नसेल तर उद्या भांडायला तुमच्या हातात काय राहणार?

ॲडव्हान्स किती द्यायचा? करार लागतोच का?

लग्न ठरल्यावर आपण याद्या करतो की नाही? कोणी काय द्यायचं, कोणाचा मानपान कोणाकडे, सगळं कागदावर, दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांसमोर. तशीच ही एक यादी समजा. स्टॅम्पपेपर नसला तरी चालेल, पण कामं, माणसं, वेळा, रक्कम आणि हप्ते लिहिलेला, दोघांच्या सह्यांचा कागद हवा. व्हॉट्सॲपवरचं ‘हो ताई, होऊन जाईल’ हेही जपून ठेवा, उडवू नका.

हप्ते असे पाडा की लग्नाच्या दिवशी थोडी रक्कम तुमच्याकडे शिल्लक राहील. सुरुवातीला पाव ते एक तृतीयांश, मधे तेवढीच, उरलेली काम झाल्यावर. सगळे पैसे आधी मागणाऱ्याला लग्नाच्या सकाळी तुमचा फोन उचलायची घाई नसते.

लग्न पुढे ढकललं किंवा मोडलं तर काय परत मिळणार, हे विचारायला अशुभ वाटतं. २०२० साली ज्यांचे मुहूर्त टाळेबंदीत सापडले त्यांना विचारा. तारीख बदलली तर ॲडव्हान्स पुढच्या तारखेला वळता होईल, एवढं वाक्य तरी घालाच.

तारीख बदलून खर्च कमी होतो का?

होतो, प्लॅनर बदलून होतो त्याच्या कितीतरी पट. कार्तिकात तुळशीची लग्नं लागली की हंगाम सुरू होतो आणि रविवारी किंवा सुट्टीला आलेल्या मुहूर्तावर सगळे तुटून पडतात. ज्या वर्षी ज्येष्ठ अधिक येतो, जसा २०२६ मध्ये, त्या वर्षी मेच्या मध्यापासून महिनाभर मुहूर्त नाहीत आणि उन्हाळ्यातल्या उरलेल्या तारखांवर झुंबड. आडवारचा मुहूर्त घ्या. मंगळवार-बुधवारी तोच हॉल नरमाईने बोलतो. चातुर्मासातही पंचांगात गौणकाळाचे मुहूर्त दिलेले असतात. घरातल्या मोठ्यांना चालत असेल तर सोलापूरचं दाते पंचांग उघडून गुरुजींना दाखवा.

दोन्हीकडच्यांनी मिळून एकच प्लॅनर ठेवावा का?

ठेवा, पण त्याला सांगणारं माणूस दोन्हीकडून एकेकच. वरमाय, मुलीची मावशी आणि नवरदेवाचा मित्र असे तिघं तीन सूचना देतात आणि प्लॅनर तिघांनाही हो म्हणतो.

डीजे आणि परवानग्या प्लॅनर बघतो ना?

कराराच्या कागदावर लिहिलं असेल तर. उघड्या जागेत रात्री १० ते सकाळी ६ लाउडस्पीकर बंद, हा २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांतला भाग आहे. त्यामुळे लॉनवरचं रिसेप्शन साडेआठला सुरू करून डीजेचे पूर्ण पैसे देणं म्हणजे दीड तासाचं भाडं. गाण्यांच्या लायसन्सचे पैसे कुणी मागितले तर विचारा की कशाचे: कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये लग्नाच्या वरातीला आणि लग्नाशी जोडलेल्या समारंभांना सूट आहे. हॉटेलं तरीही मागतात आणि यावर कोर्टकज्जेही झालेत, म्हणून हॉल ठरवतानाच स्पष्ट करून घ्या.

मुलगा परदेशात, आम्ही साताऱ्यात. व्हिडिओ कॉलवर निवडलं तर चालेल?

निवड मुलाने करावी, पण हॉल आणि जेवणाची चव तुम्ही जाऊन बघा. दोन आठवड्यांची रजा घेऊन येणाऱ्यांसाठी प्लॅनरकडून आणखी एक काम करून घ्या: विवाह नोंदणीची कागदपत्रं तयार ठेवणं. महाराष्ट्रात १९९८ च्या कायद्याप्रमाणे लग्नानंतर ९० दिवसांत नोंदणी करायची असते, तीन साक्षीदार लागतात, आणि अर्जावर लग्न लावणाऱ्या गुरुजींची सही लागते. गुरुजी एकदा दुसऱ्या गावी गेले की सापडत नाहीत. सही त्याच दिवशी मांडवात घ्या. व्हिसासाठी प्रमाणपत्राची घाई असणारी जोडपी इथेच अडकतात.

गोव्यात किंवा कोकणात केलं तर स्वस्त पडतं म्हणे?

पाहुणे पन्नास असतील तर पडू शकतं, कारण पाहुणेच कमी. दोनशे असतील तर खोल्या, बस आणि दोन दिवसांचे नाश्ते मोजा, मग बोला.

नोंदणी विवाह आणि छोटं रिसेप्शन असेल तर?

प्लॅनर नकोच. विशेष विवाह कायद्याखाली (१९५४) लग्न करायचं तर ३० दिवस आधी नोटीस द्यावी लागते, तेवढं लक्षात ठेवा. रिसेप्शनसाठी एक बरा कॅटरर पुरे.

पैसे घेऊन काम केलंच नाही, तर?

आधी लेखी तक्रार त्यालाच, तारीख घालून. मग राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन, १९१५. तिथे मिटलं नाही तर जिल्हा ग्राहक आयोग: दिलेली रक्कम ५ लाखांपर्यंत असेल तर अर्जाला फी नाही, वकील सक्तीचा नाही, आणि तक्रारीची मुदत दोन वर्षं. पावत्या, कराराचा कागद, मेसेज आणि त्या दिवशीचे फोटो जोडायचे. प्लॅस्टिकच्या वेलींचे फोटो आमच्याकडे भरपूर होते. आई म्हणाली, नव्या सुनेच्या पहिल्या महिन्यात कोर्टाचं नाव नको. म्हणून मी गप्प बसले. तुम्ही बसू नका.

प्लॅनरची माणसं आमच्याकडे जेवणार का?

हो. त्यांची, फोटोग्राफरची आणि सनईवाल्यांची मिळून आठ-दहा ताटं हमीच्या आकड्यात आधीच धरा, आणि शेवटच्या पंगतीची वाट न बघता त्यांना मधेच आळीपाळीने बसवा. मी केलेल्या लग्नांपैकी ज्या घरांनी दुपारी दोनच्या आत ‘ताई, तुम्ही जेवलात का?’ विचारलं, ती घरं मला अजून नावानिशी आठवतात.